देवऋष्याकडं पाहुणा म्हणून जाताना

मराठवाड्यात "दवाखाना झाला, आता जरा बघून येतो" असं कुणी म्हणालं, तर काय बघून येणार हे विचारावं लागत नाही. बघणारा म्हणजे देवऋषी. कुठं त्याला देवरशी म्हणतात, कुठं भगत, कुठं जाणता, आणि बाई असली तर बहुतेक वेळा नुसतं "देवीच्या बाई". गावातल्या माणसाला त्याच्याकडं कधी जायचं, काय न्यायचं, काय विचारायचं आणि कुठं उठायचं हे लहानपणापासून पाहून ठाऊक असतं. पंचाईत होते ती बाहेरून येणाऱ्याची. कुलदैवताच्या निमित्तानं पुण्या-मुंबईहून आलेलं कुटुंब, तुळजापूर-माहूर करत फिरणारा प्रवासी, किंवा "एकदा दाखवून तर घ्या" म्हणत नातेवाइकांनी ओढून नेलेला पाहुणा. हा लेख अशा माणसासाठी. जावं की न जावं हे ज्याचं त्यानं ठरवावं. गेलात तर तिथं काय चालतं, का चालतं आणि नेमकं कुठं बिघडतं, एवढं इथं सांगतो.

आधी माणसं ओळखा

पहिला घोटाळा नावांचा होतो. संबळ-तुणतुण्यावर देवीचं आख्यान लावणारा तो गोंधळी. भंडारा उधळत दिमडी वाजवणारा वाघ्या आणि त्याच्याबरोबर गाणारी मुरळी ही खंडोबाची. नांदेड जिल्ह्यात लोह्याजवळच्या माळेगावला मार्गशीर्षात खंडोबाची यात्रा भरते, तिथं ही मंडळी भेटतील. गळ्यात कवड्याची माळ, हातात परडी घेऊन जोगवा मागणारे आणि मेळ्यानं गाणारे ते आराधी. तुळजापूरच्या आणि येरमाळ्याच्या येडेश्वरीच्या वाटेवर त्यांची गाणी ऐकू येतात. अंगावर आसूड ओढणारा पोतराज मरीआईचा. हे सगळे देवाचे उपासक, आणि त्याहून जास्त म्हणजे कलावंत. आजार बघणं हा त्यांचा धंदा नव्हे. त्यांना रस्त्यात गाठून "आमचं भविष्य सांगा हो" म्हणणं म्हणजे कीर्तनकाराला रक्तदाब तपासायला सांगण्यासारखं आहे. पोतराजाला थांबवून "आसूड मारून दाखव, व्हिडिओ काढतो" म्हणणं तर त्याहून वाईट. ती प्रथा सोडून केस कापून शिकायला-कमवायला लागलेली किती तरी घरं याच भागात आहेत, आणि जे अजून तिच्यात अडकलेत त्यांच्या दारिद्र्याचा तमाशा करू नये.

देवऋषी वेगळा. तो कुठल्याही जातीचा असतो, आठवडाभर शेतात किंवा मजुरीवर असतो आणि ठरल्या दिवशी घरातल्या देवापुढं बसतो. गावाला त्याचं घर, त्याचं कर्ज, त्याच्या पोरांची शाळा सगळं ठाऊक असतं. ही गोष्ट साधी वाटते, पण पाहुण्याच्या दृष्टीनं हीच सगळ्यात मोठी राखण. ज्याला उद्या त्याच गावात तोंड दाखवायचंय तो फार लांब जात नाही. याउलट एसटी स्टँडच्या भिंतीवर, मुतारीच्या दारावर "२४ तासांत वशीकरण, मूठ, सौतनमुक्ती" असा फोन नंबर चिकटवणारा माणूस लॉजच्या खोलीत बसतो आणि महिनाभरात गाव बदलतो. मंत्रतंत्रानं, ताईत-गंड्यानं रोग बरा करतो अशी जाहिरात करणं १९५४ च्या औषधं आणि जादूचे उपाय (आक्षेपार्ह जाहिराती) कायद्यानं गुन्हा आहे. म्हणजे जाहिरात दिसली की तिथंच पाठ फिरवावी, पुढचं काही तपासायची गरज नाही.

बैठक कशी असते

देवी असली तर मंगळवार-शुक्रवार, खंडोबा असला तर रविवार, पीर असला तर गुरुवार. अमावस्या-पौर्णिमेला तुडुंब गर्दी असते आणि अंगात येणारी माणसंही जास्त असतात. पहिल्यांदा जाणाऱ्यानं साधा मंगळवार गाठावा. नवरात्रात आणि कोजागरीला तुळजापूरकडच्या सगळ्या वाटा पायी चालणाऱ्यांनी भरलेल्या असतात, त्या दिवसांत गाडी घेऊन आडगावात शिरायचा बेत करू नये. चैत्र-वैशाखात ऊन चाळिशीच्या पुढं असतं आणि थांबायला बहुधा पत्र्याचं शेड मिळतं. थांबणं तासांचं आणि बसणं मिनिटांचं, हे धरूनच चला. पाण्याची बाटली, टोपी, आणि मधुमेह असेल तर खायला काहीतरी जवळ हवंच. "उपाशी पोटी या" असा निरोप आला तरी इन्सुलिन घेणाऱ्यानं उपाशी जायचं नाही. साखर उतरून घाम फुटला, हात थरथरले, बोलणं अडखळलं की भोवतालची मंडळी "आलं, आलं, वारं आलं" म्हणून हळदीकुंकू लावायला धावतील आणि ग्लासभर साखरेचं पाणी कुणी देणार नाही.

सामान थोडं लागतं. शेंडीचा एक नारळ, दोन लिंबं, उदबत्तीचा पुडा, कापूर, पानसुपारी. देवीला खण आणि हळदकुंकू, खंडोबाला भंडारा, पिराला ऊद, फुलं आणि जमलं तर मलिदा. वर ठेवायला ५१ किंवा १०१ रुपये पुष्कळ झाले. जुन्या धाटणीचा देवऋषी रक्कम सांगत नाही. देवापुढं ठेवलेलं मोजतही नाही. पायताण बाहेर, चामड्याचा पट्टा आणि पाकीट शक्यतो पिशवीत, बसणं खाली मांडी घालून, आणि देव्हारा व देवऋषी यांच्या मधून आडवं जायचं नाही. पाळी चालू असलेल्या बाईला आत येऊ देत नाहीत. हे ज्यांना पटत नाही त्यांनी तिथं वाद घालण्यापेक्षा त्या घरी जाऊच नये, हे बरं.

मग क्रम असा. आधी नाव आणि गाव विचारतात. खापरातल्या निखाऱ्यांवर ऊद टाकतात, धूर होतो. कुणी हलगी वाजवणारा असला तर तो ती आधी जाळावर धरून शेकून घेतो, कारण कातडं गार असलं तर आवाज बसका निघतो. तापून ताणलं की टणटणीत. देवऋषी डोळे मिटून बसतो, श्वास जोरात होतो, जांभया येतात, मान फिरायला लागते. याला घुमणं म्हणतात. "वारं आलं" की त्याचं बोलणं बदलतं, स्वतःला "मी" न म्हणता "हे झाड" म्हणतो. झाड म्हणजे ज्याच्या अंगात देव येतो ते माणूस. आता पुसायचं, म्हणजे प्रश्न विचारायचा. उत्तर तोंडी मिळतं किंवा कौलानं. कौलाची एक सोपी तऱ्हा म्हणजे जोंधळ्याचे चिमूटभर दाणे घेऊन जोडी-जोडीनं बाजूला सारणं: शेवटी एक दाणा उरला तर एक उत्तर, जोडी पुरी झाली तर दुसरं. दोनच उत्तरं असल्यावर निम्म्या वेळा कौल खरा ठरणारच, आणि लोकांच्या लक्षात ती निम्मी वेळच राहते.

मग निदान. "बाहेरचं आहे", "नजर आहे", "कुलदैवत चुकलंय", "आसरा लागल्यात", "सटवाई राहिली". आसरा म्हणजे पाणवठ्याच्या देवी, सटवाई म्हणजे बाळाच्या पाचवीला पुजतात ती. आणि उपाय: अंगारा, मनगटाला गंडा, नारळ किंवा लिंबू अंगावरून उतरवून टाकणं, तिठ्यावर दहीभाताचा उतारा, पाच मंगळवार, नाही तर नवस.

अंगात येतं म्हणजे नेमकं काय होतं

बहुतेक शहरी पाहुण्यांचा पहिला प्रश्न असतो: सोंग आहे का? काही ठिकाणी आहे. पण सगळं सोंग म्हणून सोडून दिलं तर काहीच कळत नाही. जोरजोरात श्वास घेत राहिलं की रक्तातला कार्बन डायऑक्साइड उतरतो. ओठ आणि बोटं मुंग्या आल्यासारखी होतात, डोकं हलकं पडतं, हाताचे स्नायू आखडतात. त्यात धूर, उपास, एकसारखा ताल, भोवती पन्नास माणसांची नजर आणि लहानपणापासून पाहिलेलं की इथं असंच होतं. शरीर त्या ठरलेल्या वाटेनं जातं. करणाऱ्याला आपण करतोय असं वाटतच नाही.

हे पटायला अवघड जातं, म्हणून तुळजापूरला जाणारच असाल तर एक गोष्ट स्वतःच्या हातानं करून बघा. भवानीच्या मंदिरात चिंतामणी नावाचा एक गोल दगड आहे. त्याच्यावर नाणं ठेवून दोन्ही तळहात टेकवायचे, मनात प्रश्न धरायचा आणि वाट बघायची. दगड उजवीकडं फिरला तर काम होणार, डावीकडं फिरला तर नाही, जागचा हलला नाही तर वेळ लागणार. शेकडो हातांनी गुळगुळीत झालेला दगड, खाली टेकायला थोडीशीच जागा, त्यामुळं तो अगदी हलक्या रेट्यानंही वळतो. तुम्ही शपथेवर सांगाल की मी ढकललं नाही, आणि तुम्ही खोटं बोलत नसाल. मनात उत्तराची ओढ असली की बोटांचे स्नायू कळू न देता त्या बाजूला रेटतात. १८५२ मध्ये विल्यम कार्पेंटर या इंग्रज शास्त्रज्ञानं याला नाव दिलं आणि पुढच्याच वर्षी मायकेल फॅरडेनं, लंडनमध्ये लोक हात ठेवून टेबलं फिरवत होते तेव्हा, टेबल आणि हात यांच्यामध्ये सरकणारे पुठ्ठे घालून दाखवलं की आधी हात सरकतो, मग टेबल. चिंतामणीवर डोळे बांधून हात ठेवा आणि बरोबरच्याला नुसतं "उजवीकडं फिरतोय बघ" म्हणायला सांगा. बाकी आम्ही काही सांगत नाही. त्यातून देवी खोटी ठरत नाही, पण आपल्या मनात आधीपासून काय होतं हे मात्र कळतं, आणि कधी कधी तेच कळायला हवं असतं.

अंगात येण्याचंही थोडंफार असंच आहे. ज्या सुनेला सासूपुढं मान वर करायची चोरी, तिच्या तोंडून देवी सासूला दरडावते आणि सासू हात जोडते. दहा मिनिटांनी सून पाणी पिऊन पुन्हा चुलीपुढं. तिनं ठरवून केलं असं म्हणणं चुकीचं आणि तिला वेडी ठरवणं त्याहून चुकीचं. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगांच्या यादीच्या अकराव्या आवृत्तीतही हाच भेद आहे: धार्मिक रीतीत, ठरल्या वेळी आणि आपखुशीनं येणाऱ्या समाधीला आजार म्हणत नाहीत, नको असताना, वारंवार आणि जगणं विस्कटून टाकेल अशी आली तर तो आजार. तुमच्या घरच्या माणसाला स्वयंपाक करताना, शाळेत, रात्री झोपेतून उठून वारं येत असेल तर ते दुसऱ्या प्रकारचं, आणि त्याला देवऋषी नव्हे, मानसोपचारतज्ज्ञ लागतो. टेली-मानसचा १४४१६ हा सरकारी नंबर त्यासाठीच आहे, मराठीत बोलतात, पैसे लागत नाहीत.

मग बरं का वाटतं

कारण बऱ्याच गोष्टी खरोखर बऱ्या होतात. झोप न लागणं, छातीत धडधड, अंग जड, खाल्लेलं अंगी न लागणं, पोराची परीक्षा, नवऱ्याची दारू यांच्यावर ओपीडीत दोन मिनिटं मिळतात. इथं कुणीतरी नाव-गाव विचारून, सगळ्या घरासमोर ऐकून घेतं. "तुझं काही चुकलं नाही, बाहेरचं होतं, उतरवलं" हे वाक्य अपराधी वाटणाऱ्या माणसाला गोळीपेक्षा लवकर लागू पडतं. शिवाय माणूस दुखणं अगदी टोकाला गेल्यावर देवऋष्याकडं जातो. टोकाला गेलेलं दुखणं बहुधा पुढच्या आठवड्यात आपोआप थोडं उतरतंच, आणि श्रेय गंड्याला मिळतं.

आपोआप उतरणाऱ्या दुखण्याचा सगळ्यात पक्का नमुना म्हणजे कावीळ. दूषित पाण्यातून होणारी साधी कावीळ, म्हणजे हिपॅटायटिस ए, विश्रांती आणि हलकं खाणं यांवर काही आठवड्यांत जाते. त्या आठवड्यांत काय काय होतं बघा. कावीळ उतरवणारा चुन्याच्या पाण्यात तुमचे हात चोळतो आणि पाणी पिवळंधमक होतं. पिवळेपणा अंगातून निघाला. खरं तर हाताला आधी आंब्याच्या झाडाच्या सालीचा रस लावलेला असतो. तो रस चुन्याशी पिवळा होतो, निरोगी माणसाचे हात धुतले तरी होतो. दुसरी तऱ्हा माळेची. ओल्या काड्यांचे बोटाच्या पेराएवढे तुकडे दोऱ्यात सैल गाठींनी अडकवून माळ डोक्यावर ठेवतात. रोज ती लांबत लांबत गळ्यात, मग छातीवर, मग बेंबीपर्यंत येते; कावीळ उतरत चालली. काड्या वाळून बारीक होतात, गाठीतला दोरा मोकळा होतो आणि माळ लांबते. तीच माळ दाराच्या खिळ्याला टांगली तरी तेवढीच लांबेल.

इथवर हसण्यासारखं आहे. पण बी आणि सी प्रकारच्या काविळीत, पित्तनलिकेत खडा अडकल्यावर, किंवा गरोदर बाईला ई प्रकारची कावीळ झाल्यावर हीच माळ बेंबीपर्यंत येते आणि माणूस हाताचा जातो. म्हणून रक्ताची तपासणी आधी. नंतर माळ घालायचीच असेल तर घाला, तिचा त्रास काही नाही. नाकात किंवा डोळ्यात काही पिळू देऊ नका, आणि नाव नसलेली पुडी पोटात घेऊ नका. साध्या दिसणाऱ्या पुड्यांत स्टेरॉइड मिसळलेलं असू शकतं; गुडघे आठ दिवसांत पळायला लागतात आणि दोन महिन्यांत तोंड सुजतं, साखर वाढते. बिनलेबलाच्या भस्मात शिसं-पारा असू शकतो. बिब्ब्याचा चटका किंवा तेल लावू देणं म्हणजे फोड आणि जखम घरी घेऊन येणं.

जिथं एक मिनिटही घालवायचं नाही

साप चावला तर. उसाच्या, सोयाबीनच्या रानात आणि जमिनीवर झोपणाऱ्या घरात ही रोजची भीती आहे. देवऋष्याला यश का येतं हे समजून घ्या: बहुतेक साप बिनविषारी, आणि विषारी सापही कधी कधी नुसता दात मारतो, विष सोडत नाही. ही माणसं काहीही न करता वाचणार असतात. कडुनिंबाचा पाला चघळायला देऊन "कडू लागतोय ना, मग विष नाही" म्हणतात. विष चढलेल्यालाही पाला कडूच लागतो. मण्यार तर सगळ्यात फसवी. रात्री झोपेत चावते, दुखत नाही, खूण दिसत नाही. पहाटे पोटात दुखतं, घशात अडकल्यासारखं होतं, पापण्या मिटायला लागतात, मग श्वास. दवाखान्यात काचेच्या कोरड्या नळीत थोडं रक्त घेऊन २० मिनिटं न हलवता ठेवतात. ते गोठलं नाही तर घोणस किंवा फुरशाचं विष आहे हे कळतं. मंदिरात घालवलेले दोन तास कुठलंच औषध परत देत नाही. १०८ ला फोन, हातपाय न हलवता, आवळपट्टी न बांधता सरकारी रुग्णालय.

कुत्रं चावलं तर वाहत्या पाण्याखाली साबणानं १५ मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी लस सुरू करा. स्नायूत देतात त्या पद्धतीत दिवस ०, ३, ७, १४ आणि २८. कातडं फुटून रक्त आलं असेल तर जखमेत इम्युनोग्लोब्युलिनही लागतं. रेबीजची लक्षणं दिसायला लागली की माणूस वाचत नाही, म्हणून "मंत्रून घेतो आणि नंतर बघू" यातला नंतर कधी येत नाही.

फीट आली तर कांदा-चप्पल हुंगवू नका, तोंडात काही घालू नका, कुशीवर वळवा. पाच मिनिटांत थांबली नाही तर १०८. आणि फीटच्या, साखरेच्या, मानसिक आजाराच्या चालू गोळ्या "आजपासून बंद, देवाला चालत नाही" असं कुणी म्हणालं तर त्या घरातून उठा. फीटच्या गोळ्या एकदम तोडल्या की फीट थांबतच नाही अशी अवस्था येऊ शकते.

मनोरुग्णाला साखळीनं बांधून दर्ग्यात किंवा मठात ठेवायची प्रथा काही ठिकाणी अजून आहे. तमिळनाडूत एरवाडीला २००१ साली अशा ठिकाणी पहाटे आग लागली आणि साखळीत अडकलेली २५ हून जास्त माणसं जळून मेली. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यानं साखळी घालायला बंदी आहे. साखळी दिसली तर आपलं गाऱ्हाणं बाजूला ठेवून ११२ ला कळवावं.

"कुणी केलं?"

या लेखातलं एकच वाक्य लक्षात ठेवायचं असेल तर हे ठेवा: काय झालंय ते विचारा, कुणी केलंय ते विचारू नका. आणि न विचारता सांगायला लागले तर हात जोडून उठा.

देवऋषी नाव घेत नाही. तो म्हणतो, "उगवतीच्या बाजूचं आहे. बाईमाणूस आहे. तुमच्या ताटात जेवलेली आहे. देण्याघेण्यावरून मन फाटलंय." आता गावात प्रत्येक घराच्या उगवतीला कुणीतरी राहतंच. भावकीत बांधावरून भांडण नाही असं घर शोधून सापडत नाही. सासरी-माहेरी एखादी विधवा, एकटी, फटकळ बाई असतेच. नाव ऐकणाऱ्याच्या मनातून वर येतं, चिंतामणी फिरतो तसंच, आणि वाटतं देवानं दाखवलं.

पाहुणा संध्याकाळच्या गाडीनं परत जातो. नाव आलेली बाई तिथंच राहते. तिच्या हातचं पाणी बंद होतं, पोरं तिच्या दारावरून पळतात, गाय आटली की तिच्याकडं बोट जातं, एखाद्या रात्री मारहाण होते. धाराशिव-लातूर-नांदेडच्या पट्ट्यात भानामतीच्या नावाखाली हे पुष्कळ घडलेलं आहे. तुम्ही शहरात जाऊन पंधरा दिवसांत विसरून जाल अशा प्रश्नाचं हे उत्तर असतं.

कायदाही इथंच सगळ्यात कडक आहे. महाराष्ट्राचा जादूटोणाविरोधी कायदा २०१३ चा. डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात खून झाला, त्यानंतर चार दिवसांत वटहुकूम निघाला आणि डिसेंबरात विधिमंडळानं कायदा केला. एखादी व्यक्ती करणी करते, जादूटोणा करते, तिच्यामुळं गुरं दूध देत नाहीत असं जाहीर करणं हा त्यात गुन्हा आहे. भूत उतरवायच्या नावाखाली मारणं, बांधणं, मिरचीची धुरी देणं, चटके देणं हाही. साप, कुत्रं, विंचू चावल्यावर दवाखान्यात जाऊ न देणं, बोटांनी शस्त्रक्रिया करतो म्हणणं, मूल होईल म्हणून बाईशी शरीरसंबंध ठेवणं, हेही. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत, दंड पाच हजारांपासून पन्नास हजारांपर्यंत. गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र. तक्रार पोलीस ठाण्यात करायची, त्यासाठी दक्षता अधिकारी नेमलेले असतात. वारी, यात्रा, कीर्तन, पूजा यांना हा कायदा हात लावत नाही. नंदीबैलवाले, जोशी आणि जमिनीखालचं पाणी सांगणारे पाणाडे यांनाही नाही. म्हणजे देव्हाऱ्यापुढं बसून अंगारा लावून घेतला म्हणून कुणी तुम्हाला धरत नाही.

पैसे, मोबाइल आणि एकटं जाणं

पैशांचं बिघडतं ते दुसऱ्या फेरीला. पहिल्यांदा १०१ मध्ये भागतं. मग "दोष मोठा आहे, शांत करावा लागेल", मग सामानाची यादी, मग "काळा बोकड, कंदुरी करावी लागेल", मग "हे तुम्हाला मिळायचं नाही, आम्हीच आणतो, तुम्ही पैसे द्या". यादी हातात आली की उठायची वेळ झाली. घरात पुरलेलं काढून देतो म्हणणारा तर रात्री आपणच पुरून ठेवतो. फोनवरून खात्यात पैसे मागणारा, आधार कार्डाचा फोटो मागणारा, "घरी सांगू नका" म्हणणारा यांच्याशी बोलूच नये.

बाईनं एकटीनं जाऊ नये आणि आत एकटीला बोलावलं तर जाऊ नये. खरा देवऋषी सगळ्यांसमोरच बघतो. लहान मुलाला नेलंत तर त्याला धूर आणि आरडाओरडा यांपासून लांब बसवा, दम्याचं पोर असेल तर नेऊच नका.

मोबाइल खिशात. अंगात आलेल्या बाईचा व्हिडिओ काढून ग्रुपवर टाकला की तिची सोयरीक, तिच्या पोरींची लग्नं सगळ्यावर त्याचा शिक्का बसतो. देवऋष्याचा फोटो हवा असेल तर बैठक संपल्यावर विचारा. अंगातलं वारं गेलेला, चहा पिणारा तो साधा माणूस बहुधा हो म्हणतो, आणि फोटोही चांगला येतो.

घरी येताना गंडा बांधला असेल तर आंघोळीनंतर कोरडा करा, ओल्या दोऱ्याखाली मनगटाला खाज सुटते. अंगारा कपाळाला लावा, दुधातून पिऊ नका, पोराच्या जिभेवर तर नकोच. देवाचा फोडलेला नारळ त्याच दिवशी खाऊन संपवा, उन्हात गाडीत ठेवला तर संध्याकाळपर्यंत आंबतो. उतरवलेली लिंबं चाकाखाली घालून चिरडायचा कार्यक्रम करायचाच असेल तर गाव ओलांडल्यावर, रस्ता रिकामा बघून. आणि नवस बोलताना कॅलेंडर समोर ठेवा. पाच मंगळवार बोलणं सोपं असतं; दर मंगळवारी पुण्याहून तुळजापूरला यायला रजा कुठली?